राज्यशास्त्र मेजर घेतलंत, आता मायनरची घाई करू नका

मायनर, म्हणजे मेजर या मुख्य विषयाच्या जोडीचा दुय्यम विषय, निवडायला मला दहा मिनिटंही लागली नव्हती. यादीत ‘आंतरराष्ट्रीय संबंध’ दिसलं, नाव भारदस्त वाटलं, खूण करून मोकळी झाले. शेवटच्या वर्षी ते चांगलंच महागात पडलं.

हा विषय वाईट आहे असं अजिबात नाही. १९१९ मध्ये वेल्समधल्या ॲबरिस्टविथला त्याचं पहिलं अध्यासन सुरू झालं, आणि आज तो अनेक ठिकाणी स्वतंत्र शिकवतात. पण राज्यशास्त्राच्या मेजरमध्येही त्याचे पेपर असतातच. माझं निम्मं मायनर त्याच विषयांची उजळणी ठरलं आणि संख्याशास्त्राला जागाच उरली नाही.

प्रबंधाला विषय घेतला डुव्हर्जेचा. मतदारसंघात एकच जागा आणि सर्वाधिक मतं मिळवणारा विजयी, अशी पद्धत असेल तर राजकारण दोन पक्षांकडे झुकतं, हे फ्रेंच राज्यशास्त्रज्ञ मॉरिस डुव्हर्जे यांनी १९५१ मध्ये मांडलं. मग कॅनडात आणि भारतात इतके पक्ष का? प्रश्न मनापासून आवडला होता. पण शोधनिबंध उघडला की मधोमध तक्ता. आकडे, खाली कंसात आणखी आकडे, बाजूला तारे. मी प्रस्तावना वाचायची, निष्कर्ष वाचायची, तक्ता उलटून पुढे जायची. एका भेटीत मार्गदर्शकांनी एका आकड्यावर बोट ठेवून विचारलं, “हा उणे का?” मला उत्तर देता आलं नाही.

तेव्हा संख्याशास्त्र घ्यायला धावले. त्या पेपरला आधी पायाभूत पेपर हवा होता, आणि तो वर्षातून एकदाच, पहिल्या सत्रात असायचा. सत्र उलटून गेलेलं. विषय बदलावा लागला.

म्हणून सांगते, पेपरांची यादी शेवटाकडून वाचा. आधी शेवटच्या वर्षाचा संशोधनाचा पेपर शोधा. त्याच्याआधी काय लागतं ते लिहा. त्याच्याही आधी काय लागतं, कुठल्या सत्रात मिळतं, दरवर्षी मिळतं का, हेही लिहा. ही साखळी कागदावर उतरल्याशिवाय मायनरच्या अर्जावर सही करू नका. अर्थशास्त्र घेणार असाल तर गणिताची अट आत्ताच बघा.

सीनियर सांगतात तो ‘स्कोअरिंग’ पेपर घेऊ नका. गुण मिळतात, पण पुढच्या पेपरला तो उपयोगी पडत नाही. आणि अर्ज न वाचता सही देणाऱ्या मार्गदर्शकापेक्षा “हेच का?” असं विचारून अडवणारा धरा. तुलनात्मक राजकारण आवडत असेल तर एखादी परकी भाषा हे सर्वांत दुर्लक्षित आणि सर्वांत चांगलं मायनर आहे, असं माझं ठाम मत आहे.

गणिताची धास्ती असेल तर एवढं घाबरू नका. इथे सूत्रं सिद्ध करायची नसतात, आकडा काय सांगतोय ते वाचायचं असतं. चुकलंच तर पहिल्या वर्षात बदलताही येतं, फक्त मुदत विचारून ठेवा.

पदवीनंतर मी पायाभूत संख्याशास्त्र घरी बसून शिकले आणि तोच निबंध पुन्हा उघडला. तो उणे आकडा संसदेत शिरायला लागणाऱ्या किमान मतटक्क्याचा होता. जर्मनीत ही अट ५ टक्क्यांची आहे. अट जितकी चढी, तितके संसदेतले पक्ष कमी, म्हणून तो उणे.