ट्रोकसचा हंगाम उघडताय? या चुका टाळा

ट्रोकस म्हणजे प्रवाळखडकावर शेवाळ खरवडून जगणारी शंकूच्या आकाराची गोगलगाय. तिच्या कवचातून मोत्याच्या चकाकीची बटणं कापतात आणि मांस खातात. प्रशांत महासागरातल्या कितीतरी बेटांवर गावाच्या हाती रोख पैसा येण्याचा हा जुना मार्ग आहे. पालाऊ, वानुआतू, फिजी, सॉलोमन, कुक बेटं अशा ठिकाणी काढणीचा हंगाम उघडायचा का हे ठरवण्यासाठी गावकऱ्यांसोबत शंखांचं सर्वेक्षण करायला बाहेरून मंडळी येतात, त्यांत आपल्याकडची मत्स्यविज्ञानाची पदवी घेतलेली मुलंही असतात. बेट बदलतं, चुका मात्र त्याच.

सुरुवातीलाच एक सांगून टाकतो. कोकणातल्या खाडीतल्या तिसऱ्यांचा, म्हणजे शिंपल्यांचा, हिशेब इथे लावू नका. तिसऱ्यांची पिल्लं आठवडा-दोन आठवडे पाण्यात तरंगतात, त्यामुळे एक पट्टी ओरबाडली तरी शेजारून बी येण्याची आशा असते. ट्रोकसची पिल्लं तीन ते पाच दिवसांत तळाला बसतात, म्हणजे बहुतेक आपल्याच खडकावर किंवा त्याच्या आसपास. तुमचा खडक रिकामा झाला, तर पलीकडच्या बेटावरून कुणी मदतीला येईल या भरवशावर राहू नका.

चुकीच्या जागी मोजणी

सगळ्यात महाग पडणारी चूक हीच. प्रौढ ट्रोकस लाटा फुटतात त्या बाहेरच्या कडेवर आणि तिच्या खालच्या उतारावर राहतो, बहुतेक दहा मीटर खोलीच्या आत. वाऱ्याच्या बाजूची कड त्याला विशेष मानवते. नवशिक्याला मात्र लगूनचं, म्हणजे कडेच्या आतल्या उथळ तळ्याचं, निवांत पाणी मानवतं! मग होडी आत नांगरून, वाळू आणि मेलेल्या प्रवाळावर दोरी टाकून मोजणी उरकतात. आकडा शून्याच्या आसपास येतो आणि अहवालात ‘साठा संपला’ असं लिहिलं जातं.

याच्या उलटी चूक जास्त घातक. कडेवरच्या एखाद्या भरगच्च जागी मोजायचं आणि ती घनता उपग्रहाच्या चित्रावरून काढलेल्या अख्ख्या खडकाच्या क्षेत्रफळाने गुणायची. त्या क्षेत्रफळात लगूनची वाळू आली, गवताळ तळ आला आणि ट्रोकस कधी फिरकत नाही असा खोल उतारही आला. कागदावर लाखभर शंख उभे राहतात, व्यापाऱ्याला तो आकडा कळतो आणि मग गावाला आवरणं कठीण जातं.

माझी पद्धत अशी. आधी गावातल्या जुन्या पाणबुड्यांना विचारून कडेवरच्या ट्रोकसच्या वस्तीच्या जागा नकाशावर आखायच्या आणि फक्त त्यांचंच क्षेत्रफळ धरायचं. वारा पडलेल्या दिवसांत, उधाणाच्या ओहोटीला, प्रत्येक ठिकाणी 40 मीटर लांब आणि 2 मीटर रुंद असे सहा पट्टे मोजायचे. एक पट्टा 80 चौरस मीटरचा होतो. सरासरी चार शंख मिळाले तर हेक्टरी 500, पाच मिळाले तर 625. मुख्य वस्तीच्या जागी हेक्टरी 500 ते 600 पेक्षा कमी घनता असेल, तर हंगामाचा विषयच काढायचा नाही. ही मर्यादा उगाच ठरलेली नाही. नर आणि मादी आपापलं बीज पाण्यात सोडतात. शंख विरळ झाले की बीजाची गाठ पडत नाही, आणि मग खडक वर्षानुवर्षं काढणीला बंद ठेवूनही भरत नाही.

मोजताना घाई नको. ट्रोकस निशाचर आहे, दिवसा कपारीत आणि प्रवाळाच्या सावलीत दडतो. सरळ रेषेत पोहत गेलात तर निम्मे सुटतील. पिल्लं तर खडकाच्या उथळ पठारावर, दगडगोट्यांच्या खाली असतात. कडेवर ती दिसली नाहीत म्हणून ‘नवी पिढी येत नाही’ असा निष्कर्ष काढू नका.

खोटा ट्रोकस मोजणे

टेक्टस पिरॅमिस हा त्याच खडकावरचा दिसायला जवळचा शंख. तो जास्त उंच आणि टोकदार असतो, बटणांच्या व्यापारात त्याला भाव नाही. शंका आली की उलटून तळ बघा: खऱ्या ट्रोकसच्या पांढुरक्या तळावर तांबूस-जांभळ्या रेघा किंवा ठिपके असतात, खोट्याचा तळ साधा असतो.

माप घ्यायची पद्धत

माप तळाच्या रुंदीचं घ्यायचं, उंचीचं नाही. वाकड्या बाजूवर टेप लावून घेतलेलं माप तर कुठल्याच कामाचं नाही. काढायच्या शंखासाठी कुक बेटांत 8 ते 11 सेंटीमीटर ही चौकट आहे. आठच्या आतल्याला अंडी घालायला एखादं तरी वर्ष मिळायला हवं. अकराच्या वरचा शंख का सोडायचा, हे मात्र प्रत्येक गावात समजावून सांगावं लागतं. तेरा सेंटीमीटरची मादी दहा सेंटीमीटरच्या मादीच्या दुपटीहून अधिक अंडी देऊ शकते. शिवाय जुन्या कवचाला किडे आणि पोखरणारे स्पंज भोकं पाडतात, त्यामुळे खरेदीदारही ते बाजूला टाकतो. म्हणजे ज्याला फारसा भाव नाही तेच बियाणं. तरी लोक मोठ्ठा शंख वर आणतात, कारण तो हातात घेऊन फोटो काढायला छान दिसतो.

मापाची फळी प्लायवूडची करू नका. खाऱ्या पाण्यात ती फुगते, मापाचं भोक आकसतं, लहान शंख त्यातून जात नाहीत आणि काढण्याजोगे म्हणून ‘पास’ होऊ लागतात. पीव्हीसीच्या किंवा ॲल्युमिनियमच्या पत्र्यात 8 आणि 11 सेंटीमीटरची दोन गोल भोकं पाडा. आठच्या भोकातून गेला तो लहान, अकराच्या भोकातून न गेला तो मोठा. दोन्ही सोडायचे, आणि तेही पाण्यातच, उचलल्या जागी. किनाऱ्यावर मोजून नको असलेले शंख परतताना होडीतून लगूनमध्ये फेकणं म्हणजे त्यांना मारणंच. वाळूवर उलटा पडलेला ट्रोकस सहज शिकार होतो. परत ठेवायचाच असेल तर पाय खडकाला टेकवून, कपारीजवळ, हाताने ठेवा.

सगळ्यांचा मिळून एकच कोटा

कुक बेटांपैकी ऐतुताकीची हकीकत यासाठी वाचावी. तिथे मुळात ट्रोकस नव्हता. 1957 मध्ये फिजीतून काहीशे शंख आणून सोडले, आणि पहिली व्यापारी काढणी झाली ती 1981 मध्ये. दोन तपं धीर धरला, हे उगाच हातघाईवर येणाऱ्यांनी लक्षात घ्यावं. पण त्यानंतरच्या हंगामांत अख्ख्या बेटाला मिळून एकच कोटा होता. मग व्हायचं तेच झालं: दुसऱ्याच्या आधी आपण, म्हणून पहिल्याच दिवसापासून सगळं गाव पाण्यात. कोटा भरल्याचं कळेपर्यंत तो ओलांडलेला असायचा, आणि गडबडीत माप कोण बघतो? पुढे त्यांनी कोटा माणसांत वाटून टाकला. स्वतः नाही काढला तर आपला वाटा दुसऱ्याला विकायची मुभा ठेवली. शर्यतीचं कारणच उरलं नाही.

तुमचा हिशेब असा करा. समजा ट्रोकसच्या वस्तीच्या जागा 40 हेक्टर आणि सरासरी घनता हेक्टरी 600, तर शंख 24,000. मापाच्या नोंदींवरून त्यातले 60 टक्के 8 ते 11 सेंटीमीटरमध्ये बसतात असं निघालं, तर 14,400. त्याच्या 30 टक्क्यांपेक्षा जास्त नाही, म्हणजे 4,320. वीस घरं असतील तर घरटी 216 शंख. कोटा किलोत नाही, नगांत लिहा. किलोत लिहिलात की प्रत्येकजण जड शंखांच्या मागे लागतो. सहा पट्ट्यांचे आकडे एकमेकांपासून फार लांब असतील तर सरासरीऐवजी खालच्या बाजूचा अंदाज धरा. गाव थोडं कुरकुरेल, कुरकुरू द्या.

बंदी उठवली आणि एका आठवड्यात सगळं काढलं

गावाच्या परंपरेने खडक बंद ठेवणं फार चांगलं. वानुआतूत 1990 च्या दशकात ट्रोकससाठी अशा बंदी गावोगाव पसरल्या. पण चर्चच्या छपरासाठी किंवा शाळेच्या फीसाठी पैसा हवा म्हणून बंदी उठवायची आणि दिसेल ते काढायचं, ही सवय फिजीपासून सॉलोमनपर्यंत आहे. तीन वर्षांची बचत एका आठवड्यात जाते. बंदी उठवायच्या सभेतच कोटा आणि पुन्हा बंद करायची तारीख ठरवा. तारीख ठरत नसेल तर उघडू नका. आणि व्यापाऱ्याची बोट कधी येते यावर हंगाम कधीही बांधू नका.

हॅचरीची (टाक्यांत पैदास केलेली) पिल्लं सोडून मोकळं होणे

अनुदान मिळतं, फोटो निघतात, पिल्लं मात्र खाल्ली जातात. 1990 च्या दशकात ऑस्ट्रेलिया, इंडोनेशिया आणि वानुआतूत याचे प्रयोग झाले, आणि काही मिलिमीटरची पिल्लं सोडणं बहुतेक वाया जातं हे तेव्हाच दिसलं. सोडायचीच असतील तर पिंजऱ्यात चार सेंटीमीटरपर्यंत वाढवून सोडा. त्यापेक्षा जंगली प्रौढ शंख ओल्या गोणपाटात, सावलीत आणून एकाच चांगल्या जागी जवळजवळ ठेवणं स्वस्त आणि भरवशाचं.

किरकोळ, पण रोजच्या

मांस काढायला कवच उकळा, जाळावर भाजू नका, चकाकी जाते. मांसाचा तुकडा आत राहिला तर गोणी कुजते.

अंदमानात हा शंख दिसला म्हणून हे सगळं तिथे करायला जाऊ नका. भारतात तो 2001 पासून वन्यजीव कायद्याखाली संरक्षित आहे.

हंगाम संपला की त्याच पट्ट्यांवर, त्याच ऋतूत, त्याच लोकांकडून पुन्हा मोजणी करा. मोजणारी माणसं बदलली की फरक साठ्यात पडला की मोजणाऱ्याच्या डोळ्यांत, हे सांगता येत नाही. पट्ट्यांची टोकं जीपीएसवर नोंदवा आणि वहीची एक प्रत गावातच ठेवा. कचेरीतली प्रत पुढच्या हंगामापर्यंत सापडेलच असं नाही.