स्टुडिओत सुचलेली सुरावट कोणाची?

सॅक्सोफोन किंवा ट्रम्पेट घेऊन मुंबईत सिनेमा-मालिकांच्या कामात शिरू पाहणाऱ्यांसाठी हे लिहितोय. जॅझ येतं, कॉर्ड्सवर मोकळं वाजवता येतं, हे धरून चालतो.

नुसत्या जॅझच्या कार्यक्रमांवर या शहरात घरभाडं निघत नाही. म्हणून स्टुडिओत गेलात तर त्यात कमीपणा काही नाही. ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट हॉटेलांत स्वतःचा बँड चालवायचे आणि संगीतकार सी. रामचंद्रांबरोबर 'अलबेला'सारख्या (१९५१) सिनेमांचं कामही करायचे. शंकर-जयकिशनच्या गाण्यांचं अरेंजिंग (कोणत्या वाद्याने कुठे काय वाजवायचं, हे ठरवणं) करणारे सेबॅस्टियन डिसूझा गोव्याचे. ही वाट जुनी आहे.

तयारीचं थोडक्यात सांगतो. क्लिकवर, म्हणजे हेडफोनमधल्या ठेक्याच्या टिकटिकीवर, वाजवायची सवय लावा. १२० च्या टेम्पोत (मिनिटाला १२० मात्रा) चार मात्रांचा बार २ सेकंदांचा होतो, म्हणजे ७ सेकंदांच्या शॉटला साडेतीन बार. सोलो कितीही रंगला तरी तिथे संपवावाच लागतो. आणि ट्रान्सपोझिशन, म्हणजे दिलेली पट्टी आपल्या वाद्याच्या पट्टीत बदलून घेणं, पाठ करा. गिटारवाल्यांचं लाडकं ई मेजर आल्टो सॅक्सोफोनवर सात शार्पचं सी शार्प होतं, आणि चार्ट (काय वाजवायचं त्याचा कागद) हातात पडतो टेकच्या पाच मिनिटं आधी.

आता ज्यात मी अडकलो ते. चार्टवर आठ बार कोरे असतात, वर नुसत्या कॉर्ड्स. टॉकबॅकवरून, म्हणजे काचेपलीकडच्या माइकवरून, आवाज येतो, "इथे तुझं काहीतरी टाक ना." आपण खूश! जॅझवाल्याला आणखी काय हवं? दोन-तीन टेकमध्ये एक छोटी सुरावट अशी बसते की काचेपलीकडचे सगळे माना डोलावतात. मग तीच मालिकेची थीम होते. शीर्षकाला तीच, प्रोमोत तीच, ब्रेकच्या आधीही तीच. तुमच्या हाती त्या दिवसाचं मानधन, आणि क्यू शीटवर (कोणतं संगीत कोणाचं, याच्या नोंदीवर) संगीतकार म्हणून नाव दुसऱ्याचं. माझ्या अशा सुरावटीवर एक मालिका वर्षानुवर्षं चालली. शेजारच्या घरातून ती ऐकू आली की अजून पोटात कालवतं.

नीट समजून घ्या. १९९४ च्या दुरुस्तीपासून संगीतरचना कागदावर उतरवलेली असलीच पाहिजे, अशी अट कॉपीराइट कायद्यात नाही. २०१२ च्या दुरुस्तीने चित्रपटगृहाबाहेरच्या वापराच्या रॉयल्टीत संगीतकार-गीतकारांना वाटा दिला. आयपीआरएस ही संगीतकार-गीतकारांची संस्था ती वसूल करते, पण पैसे पोचतात रचनेवर ज्याचं नाव नोंदलेलं असेल त्याच्याकडे. तुम्ही तिथे 'वादक' असाल तर त्या वाटपात तुम्ही नाहीच.

म्हणून सेशनच्या आधी, व्हॉट्सअ‍ॅपवर का होईना, लेखी विचारा: "लिहिलेलं वाजवायचंय की थीमही सुचवायचीय? माझी थीम वापरली तर सहसंगीतकार म्हणून नाव लागेल का, वाटा किती?" व्हाउचरवर 'सर्व हक्कांसह' असं छापलेलं असेल तर थांबा, वाचा, मगच सही करा. त्याच रात्री सुरावट नोटेशनमध्ये लिहून तारीख घाला आणि स्वतःलाच मेल करा. दुसऱ्याच्या चालीवर घेतलेल्या प्रत्येक सोलोसाठी भांडू नका; ते वाजवण्याचे पैसे तुम्हाला मिळालेत. चालच तुमची असेल तेव्हा मात्र गप्प बसू नका.

विचारल्यामुळे एखादं काम जातं, खोटं कशाला सांगू? पण सरळ विचारणाऱ्याला सरळ उत्तर देणारे संगीतकारही भेटतात, आणि पुढची कामं त्यांच्याकडूनच येतात. 'तीन महिन्यांत स्टुडिओसाठी तयार' करणाऱ्या कोर्सांवर पैसे घालवू नका, असं माझं स्पष्ट मत आहे. त्यापेक्षा एखाद्या जुन्या अरेंजरकडे पार्ट (प्रत्येक वाद्याचा वेगळा कागद) उतरवून द्यायचं काम मागा. पैसे जेमतेम मिळतील, पण कोणता बार कोणी सुचवला आणि नाव कोणाचं लागलं, हे तिथे रोज डोळ्यांसमोर घडतं.