रक्तातला क, रगतातला ग : घोष-अघोष बदल कसा ओळखावा

'एकदा' हा शब्द आधी एकेक अक्षर सुटे करून म्हणावा: ए, क, दा. मग तोच शब्द रोजच्या वेगाने, 'एकदा येऊन जा' अशा वाक्यात म्हणावा. कान देऊन ऐकले तर दुसऱ्या वेळी तोंडातून 'एग्दा' निघालेले असते. आता 'एकटा' म्हणून पाहावे. तिथे क जसाच्या तसा राहतो. दोन्ही शब्दांत क एकच आहे आणि त्याच्या आधीचा स्वरही एकच आहे. वेगळा आहे तो फक्त पुढचा वर्ण. घोष-अघोष बदल समजून घेण्याची सुरुवात या दोन शब्दांपासून केली, तर संस्कृतातले संधी, मराठी शब्दांची घडण आणि खेड्यापाड्यातली बोली यांच्यातील पुष्कळ गोष्टी एकाच धाग्यात येतात.

पहिले काम म्हणजे घोष हाताला जाणवून घेणे. शाळेच्या व्याकरणात ज्यांना कठोर आणि मृदू व्यंजने म्हटले जाते, त्यांनाच भाषाविज्ञानात अघोष आणि घोष म्हणतात. घशातले स्वरतंतू जवळ येऊन थरथरत असताना उच्चारलेला वर्ण घोष, ते दूर असताना उच्चारलेला अघोष. कंठमण्यावर दोन बोटे ठेवून लांब 'स्स्स्' करावे आणि मध्ये न थांबता 'झेब्रा'तल्या झ वर यावे. झ सुरू होताच बोटांखाली गुणगुण सुरू होते. बोटांना कळत नसेल तर दोन्ही तळहातांनी कान झाकून हाच प्रयोग करावा, डोक्यात भुंगा शिरल्यासारखे ऐकू येते.

क आणि ग मात्र नुसते उच्चारून तपासू नयेत. 'क' म्हणताना त्यात अ मिसळलेला असतो आणि सगळे स्वर घोष असल्यामुळे बोटांना कंप जाणवतो तो त्या अ चा. यावर सोपी युक्ती अशी की जोडाक्षर घ्यावे आणि ते मध्येच धरून ठेवावे. 'पक्का' म्हणताना क्क् वर थांबले तर तिथे निखळ शांतता असते. 'बग्गी'तल्या ग्ग् वर थांबले तर घशातली गुणगुण क्षणभर चालू राहते. 'गप्पा' आणि 'डब्बा' यांवरही हेच करून पाहावे.

या प्रयोगात आणखी एक गोष्ट आपोआप कळते. 'डब्बा'तला ब्ब् धरून ठेवला की गाल किंचित फुगतात आणि गुणगुण थोडी लांबवता येते, पण 'बग्गी'तल्या ग्ग् ची गुणगुण त्यामानाने लवकर विझते. स्वरतंतू थरथरायचे तर त्यांच्यामधून हवा वाहत राहिली पाहिजे. तोंड पुढून बंद असेल तर ती हवा आत साठते, दाब वाढतो आणि वाहणे थांबते. ब च्या वेळी ओठांच्या मागे ऐसपैस जागा असते. ग च्या वेळी जीभ मागेच टेकलेली असल्याने जागा फार थोडी उरते. घोष स्पर्श, म्हणजे तोंडात हवा अडवून उच्चारलेला घोष वर्ण, टिकवणे शरीराला कष्टाचे आहे, म्हणून शेजारचा वर्ण अघोष असला की घोष सहज सुटतो. उलट दोन्ही बाजूंना घोष वर्ण असले, तर मध्येच स्वरतंतू थांबवून पुन्हा सुरू करण्यापेक्षा ते चालू ठेवणे सोयीचे पडते. बहुतेक सर्व बदलांचे मूळ या दोन सोयींत आहे.

मग जोड्या पाठ कराव्यात: क-ग, ख-घ, च-ज, छ-झ, ट-ड, ठ-ढ, त-द, थ-ध, प-ब, फ-भ. प्रत्येक वर्गातला पहिला वर्ण तिसरा होतो किंवा तिसरा पहिला होतो, दुसऱ्याची जोडी चौथ्याशी असते. येथे एक घोटाळा हटकून होतो, तो आधीच टाळावा. अल्पप्राण-महाप्राण, म्हणजे श्वासाचा जोर कमी की जास्त, ही वेगळी गोष्ट आहे. 'वाघ' म्हणताना शेवटचा घ बहुधा 'वाग' असा हलका होतो; तिथे श्वासाचा जोर गेला, घोष मात्र शाबूत आहे. 'बघतो' घाईत म्हटले की घ पुष्कळदा 'बक्तो'च्या जवळ जातो, तिथे दोन्ही गेले. कोणताही बदल नोंदवताना घोष आणि प्राण यांचा हिशेब स्वतंत्र ठेवावा.

आता स्वतःच्या बोलण्यातले बदल टिपायला लागावे. मराठीत मधल्या अक्षरातला अ उच्चारात गळतो, त्यामुळे लिहिताना दूर असलेले दोन वर्ण बोलताना एकमेकांना चिकटतात, आणि चिकटले की पुढचा मागच्याला आपल्यासारखा करून घेतो. 'एकदम'चे 'एग्दम', 'सातबारा'चे 'साद्बारा', 'डाकघर'चे 'डाग्घर' असे घोषीकरण होते, तर 'लागतो'चे 'लाक्तो', 'मागतो'चे 'माक्तो', 'आगपेटी'चे 'आक्पेटी', 'नागपूर'चे 'नाक्पूर' असे अघोषीकरण. शब्दांच्या सीमेवरही हे घडते: 'हात धुवा' एका दमात म्हटले तर त आणि ध यांच्यामध्ये शांतता उरत नाही. दर वेळी दिशा एकच असते, पुढून मागे.

कानावर भरवसा नसेल, आणि स्वतःच्या भाषेबाबत तो कमीच ठेवावा, कारण आपण लिहिलेले तेच ऐकू लागतो, तर 'प्राट' हे मोफत सॉफ्टवेअर वापरावे. ॲमस्टरडॅम विद्यापीठातील पॉल बूर्स्मा आणि डेव्हिड वेनिंक यांनी ते तयार केले आहे. मोबाइलवर 'मी एकदा गेलो' आणि 'मी एकटा गेलो' ही वाक्ये नेहमीच्या वेगाने ध्वनिमुद्रित करून त्यात उघडावीत आणि क च्या जागी असलेला बंद भाग मोठा करून पाहावा. 'एकटा'मध्ये तिथे पांढरी पोकळी दिसते. 'एकदा'मध्ये त्याच पोकळीच्या तळाशी एक करडी पट्टी ए पासून द पर्यंत सलग धावते. ती पट्टी म्हणजे घोष. ती मध्येच विरत असेल तर बदल अर्धवट झाला, असे नोंदवावे. बोलीतला बदल नेहमी पुरता होतोच असे नाही. अशा मोजमापात मराठीला जुने स्थान आहे: ली लिस्कर आणि आर्थर अब्रॅमसन यांनी 1964 साली 11 भाषांतल्या शब्दारंभीच्या स्पर्शवर्णांमध्ये घोष नेमका केव्हा सुरू होतो हे मोजले, तेव्हा त्या अकरांत मराठी होती.

संस्कृत संधीकडे वळताना हाच नियम हाती घ्यावा, फक्त त्याची व्याप्ती वाढवावी. 'दिक्' हा एकच शब्द पुरेसा आहे. पुढे प आला तर दिक्पाल, ग आला तर दिग्गज, म आला तर दिङ्मूढ, आणि नुसता स्वर आला तरी दिगंबर. शेवटचे उदाहरण महत्त्वाचे आहे. मराठीत आपण 'एक आंबा'ला कधी 'एग आंबा' म्हणत नाही, 'एकवीस'चा क व पुढे असूनही बदलत नाही. आपल्या बोलीत घोषाची लागण होते ती ग, द, ब यांसारख्या वर्णांकडून. संस्कृतात मात्र पदाच्या शेवटी आलेल्या क् ला स्वर आणि य, र, ल, व हेसुद्धा घोष करतात. 'झलां जशोऽन्ते' आणि 'खरि च' या पाणिनीच्या सूत्रांत या व्यवहाराचा मोठा भाग आला आहे: पहिले पदान्ती वर्गातला तिसरा वर्ण देते, दुसरे पुढे अघोष आल्यास पहिला.

लेखनात याचा लगेच उपयोग होतो. फलकांवर 'उत्घाटन' आणि 'भगवत्गीता' असे लिहिलेले वारंवार दिसते. घ आणि ग घोष आहेत, म्हणून त्यांच्या आधी द्: उद्घाटन, भगवद्गीता. उत्कर्ष आणि उत्साह यांत पुढे क आणि स हे अघोष, म्हणून त्. सत्कार पण सद्गुण, आपदा पण आपत्ती, संपदा पण संपत्ती, हेही त्याच नियमाने. बोलीतले 'एग्दा' मात्र मराठीत लिहीत नाहीत, ते 'एकदा'च लिहावे. तत्सम शब्दांत संधी लिहिला जातो आणि मराठी शब्दांत मूळ रूप, एवढे ध्यानात ठेवले की गोंधळ होत नाही.

इथपर्यंत पुढचा वर्ण जिंकत आला. आता एक जागा अशी आहे जिथे मागचा जिंकतो, आणि ती सर्वांत बारकाईने पाहण्यासारखी आहे. भोग आणि भोक्ता, त्याग आणि त्यक्त, योग आणि युक्त या जोड्या एका बाजूला मांडाव्यात. लोभ आणि लुब्ध, लाभ आणि लब्ध, क्रोध आणि क्रुद्ध, बोध आणि बुद्ध या दुसऱ्या बाजूला. प्रत्यय दोन्हीकडे त पासूनच सुरू होणारा आहे. पहिल्या गटात धातूच्या शेवटचा घोष वर्ण त समोर हरतो आणि क् होतो. दुसऱ्या गटात धातू लुभ्, लभ्, क्रुध्, बुध् असे घोष महाप्राण वर्णाने संपतात. हा वर्ण आपला घोष सोडत नाही, उलट तो आणि आपला प्राणही त वर टाकतो, आणि त चा ध होतो. 'झषस्तथोर्धोऽधः' हे सूत्र यासाठीच आहे. त्यामुळे एखादा 'त' प्रत्ययाचा तत्सम शब्द उलगडताना दोन प्रश्न या क्रमाने विचारावेत: धातूचा शेवटचा वर्ण घोष आहे का, आणि तो महाप्राण आहे का. 'प्रारब्ध' घेतले तर रभ् सापडतो, 'दग्ध' घेतले तर दह्. ह हा येथे घ सारखा वागतो.

मराठी शब्दांचा इतिहास शोधताना प्रश्न बदलतो: वर्ण दोन स्वरांच्या मध्ये एकटा होता, की जोडलेला होता? एकटा ट घोष झाला: घट-घडा, घोटक-घोडा, कटु-कडू, कीटक-किडा. एकटा प तर घोष होऊन सैलही पडला आणि व झाला: दीप-दिवा, कच्छप-कासव. 'कपाट'चे 'कवाड' झाले त्यात दोन्ही बदल शेजारी शेजारी दिसतात. 'प्रतिपदा'चा 'पाडवा' होताना तर त चा ड आणि प चा व झाला. प्राकृतात जे वर्ण दुहेरी होते ते मात्र वाचले, कारण दुहेरी वर्णात स्वरतंतूंना थांबायला वेळ मिळतो. म्हणून 'वट'चा वड झाला पण 'पिप्पल'चा पिंपळ राहिला. आणि 'वर्त्म'पासून आलेल्या 'वट्ट'वरून घडलेली वाट कधी 'वाड' झाली नाही. सप्त-सत्त-सात यातही तेच. अनुनासिकानंतरचा वर्ण मराठीने अघोष ठेवला, पंजाबीने घोष केला. आपल्या दात आणि पाच (मूळ दन्त आणि पञ्च) यांना तिथे 'दंद' आणि 'पंज' म्हणतात.

परभाषा शिकताना ही सवय कामी येते, कारण प्रत्येक भाषेची सोय निराळी असते. पुण्यात जर्मन शिकणाऱ्या मराठी विद्यार्थ्याला सुरुवातीलाच कळते की दिवसाला 'टाग' लिहितात पण 'टाक' म्हणतात, आणि अनेकवचनात 'टागे' म्हणताना ग परत येतो. जर्मनमध्ये शब्दान्ती घोष स्पर्श टिकत नाही, मराठीत तो टिकतो. इंग्रजीत अनेकवचनाचा स मागच्या वर्णाकडे पाहतो: 'कॅट्स', पण 'डॉग्झ'. क्वचित शेजाराने उत्तर मिळत नाही आणि आघात पाहावा लागतो. संस्कृत पितृ आणि भ्रातृ या दोहोंत त आहे, पण जर्मनमध्ये 'फाटर' आणि 'ब्रूडर' असे दोन निराळे वर्ण का, हे कोडे डेन्मार्कच्या कार्ल व्हेर्नर यांनी 1877 मध्ये प्रसिद्ध झालेल्या लेखात सोडवले, ते वैदिक स्वरांच्या, म्हणजे वेदपठणातल्या आवाजाच्या चढउतारांच्या, आधाराने: 'पिता'मध्ये उदात्त (उंच स्वर) ता वर आहे, 'भ्राता'मध्ये भ्रा वर. जिथे आघात आधीच्या अक्षरावर नव्हता, तिथे जुन्या जर्मानिक भाषेत तो वर्ण घोष झाला; 'फाटर'मधला ट हा त्या घोष वर्णाचा जर्मनमध्ये नंतर झालेला बदल आहे. वेदपाठकांनी तोंडी जपलेला स्वर नसता तर हा पुरावा हाताशी नसता, हे मला फार मोलाचे वाटते.

आता सगळी पद्धत एका शब्दावर चालवून पाहावी. 'रक्त' घ्यावे. धातू रञ्ज्, त्याच्या 'राग', 'रंग' या रूपांत ग आहे. महाप्राण नाही, म्हणून पुढच्या अघोष त ने त्याचा घोष काढून घेतला आणि 'रक्त' झाले. 'भक्त' (भाग, भजन) आणि 'युक्ती' (योग) यांचेही तसेच. पुढे हे शब्द खेड्यातल्या माणसाच्या तोंडी गेले, त्याने जोडाक्षर फोडून मध्ये अ घातला, आणि क एकदम दोन स्वरांच्या मध्ये सापडला. पुढचा त आता त्याला चिकटलेला नव्हता. दोन्ही बाजूंना स्वरतंतू चालू होते. तेव्हा 'रगत', 'भगत', 'जुगत' असे उच्चार झाले. 'रगत' ऐकून नाक मुरडणाऱ्याने 'प्रकट'चे 'प्रगट' आपण स्वतः किती सहज म्हणतो आणि छापतो, ते आठवावे. बदल तोच आहे. आजीच्या तोंडून 'बोटातनं रगत आलं' असे ऐकू येते, तेव्हा 'राग' आणि 'रंग' यांत मुळापासून असलेला आणि 'रक्त'मध्ये त पुढे हरवलेला ग दुसऱ्या वाटेने परत जागेवर आलेला असतो.