सिंहस्थाचे जुने चित्रण शोधताना

नाशिकवरील माहितीपटासाठी जुने चित्रण हवे असेल, तर कोणत्याही संग्रहाला पत्र धाडण्यापूर्वी पटकथेतील एकेक दृश्य वेगळे काढून त्यापुढे ठिकाण, अंदाजे काळ आणि लागणारे सेकंद लिहावेत. ‘जुने नाशिक हवे आहे’ या मागणीला उपयोगी उत्तर मिळत नाही. ‘साठच्या दशकातील रामकुंड, स्नानाची गर्दी, २० सेकंद’ या मागणीला मिळू शकते.

चित्रपटगृहांत पूर्वी दाखवले जाणारे सरकारी वार्तापट १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे. ही संस्था आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्यामुळे विचारणा तेथेच करावी. इंग्रजी सूची चाळताना नाशिकचे जुने, ‘एच’ नसलेले स्पेलिंग आवर्जून टाकावे. गोदावरी आणि त्र्यंबक हे शब्दही वेगवेगळे शोधावेत.

खरी मेहनत त्यानंतरची, सापडलेले चित्रण नाशिकचेच आहे का हे ठरवण्याची. नाशिक आणि उज्जैन या दोन्ही ठिकाणच्या कुंभमेळ्याला सिंहस्थच म्हणतात आणि ते थोड्या महिन्यांच्या अंतराने येतात. नाशिकचा २०१५ मध्ये भरला, उज्जैनचा २०१६ मध्ये. त्यामुळे सूचीतील नुसत्या ‘सिंहस्थ’ शब्दावर विसंबू नये. नाशिकची मुख्य स्नाने पावसाळ्यात होतात, उज्जैनची ऐन उन्हाळ्यात. म्हणून आधी नदीचे पाणी, आभाळ आणि लोकांच्या हातातील छत्र्या पाहाव्यात, देवळे मागाहून. शिवाय शैव आखाडे त्र्यंबकेश्वरी कुशावर्तावर स्नान करतात आणि वैष्णव आखाडे रामकुंडावर, तेव्हा नागा साधूंचे शाही स्नान रामकुंडाच्या नावाने नोंदलेले आढळले, तर चूक बहुधा नोंद करणाऱ्याची असते. शंका उरल्यास पंचवटीत लहानपण गेलेल्या एखाद्या आजोबांना ती दृश्ये दाखवावीत; रामकुंडाजवळची दुतोंड्या मारुतीची मूर्ती दिसताच ते घाट कोणत्या बाजूने टिपला आहे तेही सांगतील.

लग्नाचे चित्रीकरण करणाऱ्या जुन्या स्टुडिओंच्या कपाटांत व्हीएचएस कॅसेटी अजून पडून असतात. फितीवर पांढरी बुरशी दिसली, तर उत्सुकतेपोटीही ती व्हीसीआरमध्ये घालू नये. फीत खराब होतेच, शिवाय यंत्रातून ती बुरशी पुढच्या कॅसेटीला लागते.

कॅसेट ज्याच्या घरी आहे, त्याच्याकडे चित्रणाचा हक्क असेलच असे नाही, ही गोष्ट अनेकांना फार उशिरा कळते. भारतीय कायद्यानुसार चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे टिकतो आणि चित्रणात वाजणाऱ्या गाण्याची परवानगी वेगळी घ्यावी लागते. परवानगीपत्रात प्रदेश, मुदत आणि माध्यम स्पष्ट लिहून घ्यावे. केवळ महोत्सवांपुरता घेतलेला हक्क पुढे ओटीटीसाठी चालत नाही आणि तेव्हा दर ठरवणे आपल्या हातात राहत नाही.

संकलनासाठी सुरुवातीला टाइमकोड (प्रत्येक चौकटीची नेमकी वेळ दाखवणारे आकडे) असलेली, शिक्का मारलेली कमी दर्जाची प्रत मिळते. वापरलेल्या प्रत्येक तुकड्याचा संग्रह, क्रमांक आणि टाइमकोड त्याच दिवशी तक्त्यात नोंदवावा, कारण उच्च दर्जाची प्रत त्याच नोंदीवरून मागवायची असते.