रिद्धपूर, संत्र्याचा बगीचा आणि अचलपूर: एका दिवसाची सहल नीट कशी करावी

फोनवर सगळ्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो. "ताई, एका दिवसात काय काय होईल?" मग ते यादी वाचून दाखवतात: रिद्धपूर, साळबर्डी, सिंभोऱ्याचं धरण, संत्र्याचा बगीचा, अचलपूर, मुक्तागिरी, गाविलगड, चिखलदरा. मी शांतपणे ऐकून घेते आणि सांगते, तीनच होतील. रिद्धपूर, बगीचा आणि अचलपूर.

माझं माहेर अमरावती जिल्ह्यातल्या अचलपूरचं, सासर मोर्शी तालुक्यातलं. घरचा चार एकराचा संत्र्याचा बगीचा आहे. गेली आठ वर्षं पाहुण्यांना घेऊन मी या भागात फिरते. पहिल्या वर्षी मीही लोकांच्या हौसेखातर गाविलगड त्याच दिवसात बसवला होता. किल्ल्याच्या दरवाजाशी पोचलो तेव्हा दिवस मावळला होता. सत्तरीच्या एक आजी गाडीतच बसून राहिल्या आणि बाकीच्यांनी दरवाजावरचं गंडभेरुंड, म्हणजे दोन डोक्यांच्या पक्ष्याचं शिल्प, मोबाइलच्या उजेडात पाहिलं. ते पाहून मला फार वाईट वाटलं. १५ डिसेंबर १८०३ ला इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीच्या फौजेने हा किल्ला घेतला आणि दोनच दिवसांत नागपूरच्या दुसऱ्या रघुजी भोसल्यांना देवगावचा तह करावा लागला. एवढा इतिहास घडलेल्या गडाला अंधारात दहा मिनिटं देऊ नये. त्याच्यासाठी चिखलदऱ्याला मुक्कामी जा.

कधी यायचं, हे सगळ्यात आधी ठरवा, कारण संत्रा वर्षभर झाडावर नसतो. आमच्याकडे दोन बहार असतात. अंबिया बहाराची फुलं जानेवारी-फेब्रुवारीत येतात आणि फळ ऑक्टोबरपासून डिसेंबरपर्यंत तुटतं. मृग बहार पावसाच्या तोंडावर फुलतो, त्याचं फळ फेब्रुवारी-मार्चमध्ये येतं. फळांनी वाकलेलं झाड पाहायचं असेल तर नोव्हेंबरचा शेवट किंवा डिसेंबर धरा. मला विचाराल तर मी फेब्रुवारी सांगेन. एका धुऱ्याच्या, म्हणजे बांधाच्या, अलीकडे मृगाची पिवळी फळं लटकलेली असतात आणि पलीकडचा बगीचा अंबियाच्या फुलांनी पांढरा झालेला असतो. त्या दिवसांत गाडीच्या काचा बंद ठेवू नका. फुलांचा वास रस्त्यापर्यंत येतो.

नाशिककडे द्राक्षांच्या मळ्यांतून वाइनची सहल करून आलेले पाहुणे विचारतात, तुमच्याकडे तसं चाखायचं दालन कुठे आहे? तसं दालन नाही. चाखायचं ते झाडाखाली उभं राहून. बगीचा म्हणजे कुणाची तरी वर्षाची कमाई आहे, हे ध्यानात ठेवून यावं लागतं. म्हणून वाटाड्या ठरवताना त्याला दोन गोष्टी विचाराच. पहिली, कुणाच्या बगीच्यात नेणार आणि मालकाला सांगितलंय का? दुसरी, बगीचा ठोक दिलाय का? आमच्याकडे बरेच शेतकरी फळ झाडावर असतानाच अख्खा बगीचा व्यापाऱ्याला विकतात. व्यापारी इसार देतो, तेव्हापासून फळ त्याचं. मग मालकालाही पाहुण्यासाठी एक संत्रा तोडायचा हक्क राहत नाही. एका सहलवाल्याने तीस जण अशा ठोक दिलेल्या बगीच्यात सोडले होते. लोकांनी निरागसपणे पिशव्या भरल्या आणि संध्याकाळी व्यापाऱ्यासमोर मान खाली घालून उभं राहायची वेळ त्या शेतकऱ्यावर आली. ज्याला या दोन प्रश्नांची सरळ उत्तरं देता येत नाहीत, त्याच्याबरोबर जाऊ नका.

दहापेक्षा जास्त माणसं एका वेळी आणू नका. पायात बंद बूट घाला, कारण काळ्या मातीत सकाळच्या ओलीत चपला रुततात. डोक्याला मोठा रुमाल किंवा ओढणी हवीच. उन्हाला उपयोगी पडते आणि पुढे अचलपूरच्या दर्ग्यात डोकं झाकायलाही.

अमरावतीहून सात वाजता निघा आणि आधी रिद्धपूर करा. लोकांना वाटतं, सकाळच्या थंडीत बगीचा पाहावा. पण दव असेपर्यंत तोड सुरू होत नाही. ओल्या फळाची साल नाजूक असते. हाताचा दाब पडला की सालीतलं तेल बाहेर येतं आणि दोन दिवसांनी तिथे तपकिरी डाग उमटतो. तसलं फळ बाजारात मागे पडतं. म्हणून ऊन चढून पानं कोरडी होईपर्यंत मजूर शेकोटीपाशी बसलेले असतात. तो वेळ रिद्धपूरला द्यावा.

रिद्धपुरात बघायला काय, असं विचाराल तर मोठी शिल्पं नाहीत, उंच शिखरं नाहीत. ओटे आहेत. महानुभाव पंथात जिथे जिथे गोविंदप्रभू किंवा चक्रधरस्वामी बसले, निजले, बोलले, ती प्रत्येक जागा जपून ठेवलेली आहे आणि तिच्यावर ओटा बांधला आहे. इथले गोविंदप्रभू, लोकांचे राऊळ, हे चक्रधरांचे गुरू. चक्रधर गेल्यावर त्यांचे शिष्य इथेच राउळांजवळ राहिले. इथल्या वाजेश्वरीच्या जागी म्हाइंभटांनी नागदेवाचार्यांच्या साथीने स्वामींच्या आठवणी लोकांकडून गोळा करून 'लीळाचरित्र' लिहिलं. तेराव्या शतकातलं हे मराठी गद्य आहे, आणि ते दरबारी नाही, बोलीतलं आहे. राउळांच्या विवाहाच्या निमित्ताने महदाइसेने 'धवळे', म्हणजे लग्नगीतं, रचले तेही इथेच. मराठीची आद्य कवयित्री म्हणून जिचं नाव शाळेत घेतलं जातं, ती या गल्ल्यांतून फिरली आहे. मराठी भाषा विद्यापीठ २०२४ मध्ये रिद्धपुरातच सुरू झालं, त्याचं कारण हेच.

वाटाड्याला सांगा, एखाद्या ओट्यापाशी बसून एक लीळा, म्हणजे त्यांच्या आयुष्यातला एक प्रसंग, सांग. मी नेहमी विहिरीची सांगते. मातंगांना पाणी मिळत नव्हतं, तर राउळांनी जागा दाखवून तिथे विहीर खणवली. पाणी जपून वापरणाऱ्या आमच्या मुलखात ही गोष्ट ऐकताना माणसं आपोआप गप्प होतात. कुणी भेटलं तर हात जोडून "दंडवत प्रणाम" म्हणा. इथला नमस्कार तो आहे. चपला बाहेर काढा, दारू-मांस खाऊन-पिऊन येऊ नका, आणि ओट्यावर बसू नका. नवखी माणसं दमून त्यावर टेकतात. जुने भक्त काही बोलत नाहीत, पण त्यांना लागतं.

साडेनऊ-दहाला बगीच्यात. इथे दोन तास काढून ठेवाच.

आधी झाडाचं खोड बघा. जमिनीपासून दोन-तीन फुटांपर्यंत ते निळसर पांढरं रंगवलेलं दिसेल. ती शोभा नाही, बोर्डो पेस्ट आहे: एक किलो मोरचूद, एक किलो चुना, दहा लिटर पाणी. डिंक्या रोगाने खोडातून डिंक गळतो आणि झाड हळूहळू वाळत जातं, त्यावरचा हा उपाय. रंगाच्या जवळच बुंध्यावर एक गाठ दिसते, तिथे डोळा भरलेला असतो. खालचं झाड जंबेरीचं, वरचं संत्र्याचं. शेंदूरजनाघाटच्या रोपवाटिकांमधून अशी कलमं लांबलांब जातात.

डिसेंबरच्या शेवटी आलात तर काही बगीचे कोमेजलेले, पानं मलूल झालेली दिसतील. "याला पाणी का नाही देत?" असं मालकाला विचारून त्याचं काळीज दुखवू नका. तो मुद्दाम ताण देतोय. फळ उतरल्यावर महिना-दीड महिना पाणी तोडतात. झाड वाढ थांबवून अन्न साठवून ठेवतं, आणि मग पाणी सोडलं की एकदम फुलतं. ताण कमी पडला तर फुलं कमी, जास्त पडला तर झाडच बसतं. त्या दिवसांत माझे सासरे रोज पहाटे दोन-चार पानं हातात घेऊन चुरगाळून पाहतात. एका वर्षी ताण तुटायच्या आधीच अवकाळी पाऊस आला. घरात दोन दिवस कुणी नीट जेवलं नाही.

आता तोडणं. मालकाने सांगितलं असेल तरच, आणि त्याने दाखवलेल्या झाडाचंच. नागपुरी संत्र्याची साल सैल असते. फळ ओढलं की देठाजवळची साल तुटून झाडालाच राहते आणि फळाला भोक पडतं. ते दुसऱ्या दिवसापासून सडायला लागतं. आमचे मामाजी प्रत्येक पाहुण्याला तेच सांगतात, "वढू नका जी, टोपी निघते." फळ तळव्यात धरा, किंचित वर उचला, अलगद पिरगळा. देठ फळाला राहिला पाहिजे. मजूर बायांचे हात बघा. डाव्या हाताने फांदी धरायची, उजव्याने फळ फिरवायचं आणि ते कॅरेटमध्ये टाकायचं नाही, ठेवायचं. एका कॅरेटमध्ये वीस-बावीस किलो बसतात आणि तळाच्या फळाला वरच्याचा देठ टोचता कामा नये. त्यांच्याशी बोला, पण तोड चालू असताना त्यांना हातातलं काम थांबवून फोटोसाठी उभं करू नका. मजुरी दिवसाची ठरलेली असते आणि ट्रक वेळेवर भरायचा असतो.

रंगावर जाऊ नका, एवढं ऐका. पाहुणे नेहमी सगळ्यात केशरी फळ शोधतात. रात्रीची थंडी पडल्यावर सालीला रंग चढतो, आत गोडी त्याआधीच आलेली असू शकते. हातात घेऊन वजन बघा. आकारापेक्षा जड लागलं तर रस भरलेला आहे. साल किंचित खडबडीत, फोडी मोकळ्या सुटणाऱ्या. सोलताना साल नाकाजवळ मोडा. तिचा जो फवारा उडतो, त्यातला वास घरी नेलेल्या फळाला आठवड्याने राहत नाही.

विकत घ्यायचे असतील तर वजनावर घ्या आणि मालक सांगेल तो भाव द्या. मजुरांसमोर घासाघीस नको. शहरातल्या दुकानात हेच फळ कितीला मिळतं, ते तुम्हाला माहीत आहे.

जेवण बगीच्यातच सांगून ठेवा, निदान आदल्या दिवशी. रोडग्यांना वेळ लागतो. गव्हाच्या जाडसर पिठाच्या चार-पाच पोळ्या लाटून, मध्ये तेल लावून, एकीत एक गुंडाळत गोळा करतात आणि गोवऱ्यांच्या निखाऱ्यात पुरतात. तासाभराने बाहेर काढून राख झटकली की वरचं कवच खडखडीत वाजतं. फोडल्यावर आत पापुद्रे आणि वाफ. त्यावर तूप, सोबत वरण आणि वांग्याची झणझणीत भाजी. तिखट झेपत नसेल तर आधी सांगा. भाजी वेगळी काढून ठेवतात, कुणी नावं ठेवत नाही. पोटभर खा, कारण यानंतर जेवणासाठी थांबायचं नाही.

चांदूर बाजारवरून अचलपुरात अडीच-तीनपर्यंत पोचाल. आत शिरायच्या आधी गावाचं नाव ऐका. माझी आजी शेवटपर्यंत एलिचपूरच म्हणायची. इंग्रजांनी नाव बिघडवलं असं मीही समजत होते. पण बाराव्या शतकातल्या हेमचंद्राच्या प्राकृत व्याकरणात या गावासाठी स्वतंत्र सूत्र आहे: अचलपूर या शब्दात 'च' आणि 'ल' आपसात जागा बदलतात, म्हणजे अलचपूर. इंग्रज यायच्या सहा-सातशे वर्षं आधी लोकांच्या तोंडी हे नाव फिरलेलं होतं. सकाळी रिद्धपुरात बोलीतलं मराठी ऐकून आलेल्या माणसाला ही गोष्ट सांगितली की त्याला दिवसाची दोन टोकं जुळल्यासारखी वाटतात.

गाव जुनं आहे. १२९६ मध्ये देवगिरीवर चालून जाताना अलाउद्दीन खिलजी इथे थांबला होता. १४९० मध्ये फतहउल्ला इमादउल्मुल्क बहमनींपासून वेगळा झाला आणि वऱ्हाडच्या इमादशाहीची ही राजधानी झाली. १५७४ मध्ये अहमदनगरच्या निजामशाहीने ती गिळली. पुढे नवाबांचा काळ आला, परकोट आणि वेशी राहिल्या. दुल्हा दरवाजाशी गाडी सोडा आणि पायी आत चला. दुल्हा रहमान शाहच्या दर्ग्यात हिंदू-मुसलमान दोघंही जातात. डोकं झाकून, आवाज खाली ठेवून जा. आतल्या गल्ल्या अरुंद आहेत, लोक राहतात, उंबऱ्यात बायका निवडत-टिपत बसलेल्या असतात. कॅमेरा खाली ठेवून आधी बोला. बहुतेक वेळा चहा समोर येतो.

रेल्वेची हौस असेल तर मूर्तिजापूरहून येणाऱ्या शकुंतला रेल्वेचे अडीच फुटी रूळ बघून घ्या. गाडी बंद आहे, पण माझ्या लहानपणी तिच्या शिट्टीवर दुपारची वेळ कळायची.

शेवटचं ठिकाण हौज कटोरा. गावाबाहेर तळ्याच्या मध्यावर आठकोनी मनोरा उभा आहे, कमानींचे मजले एकावर एक. साडेचारच्या पुढे जा. तेव्हा ऊन तिरपं होऊन कमानींच्या आत शिरतं आणि दगडाचा रंग बदलतो. वर चढायचा प्रयत्न करू नका, चुना सुटलेला आहे. काठावर बसा. त्या वेळी मी काही सांगत नाही. दिवसभर बोलून झालेलं असतं.

सहाला निघालात तर परतवाडा-आसेगाव रस्त्याने साडेसातपर्यंत अमरावती. उसाच्या आणि कापसाच्या गाड्यांना मागे दिवे नसतात, ड्रायव्हरला घाई करायला लावू नका. आणि डिकीतल्या संत्र्यांचं: प्लास्टिकच्या पिशवीत बांधून ठेवले असतील तर घरी पोचल्याबरोबर मोकळे करा. एकावर एक न रचता टोपलीत किंवा जमिनीवर पेपर अंथरून पसरा. ज्याचा देठ निघालाय ते आधी खा, बाकीचे आठवडाभर टिकतील.