नेपल्सजवळचे काम्पी फ्लेग्रेई एका दिवसात कसं बघायचं: गाइड, गाडी, क्रम आणि थोडा ज्वालामुखी

नेपल्सला जाणारे आपले लोक साधारण दोनच गोष्टी करतात, पॉम्पेई आणि व्हेसुव्हियस, जमलं तर काप्री. त्यात चूक काही नाही, पहिल्यांदाच जाताय आणि हातात एकच दिवस आहे तर पॉम्पेईच बघा. पण दुसरा दिवस असेल तर तो शहराच्या पश्चिमेला द्या, काम्पी फ्लेग्रेईला. इथे रोमन अवशेष आणि ज्वालामुखी वेगवेगळे बघावे लागत नाहीत, अवशेष ज्वालामुखीच्या आतच बांधलेत. आणि गर्दी? पॉम्पेईच्या मानाने नाहीच म्हणा.

आधी एक गोष्ट डोक्यात बसवून घ्या म्हणजे पुढचं सगळं समजेल. इथे व्हेसुव्हियससारखा एक उभा डोंगर नाहीये. हा १२ ते १५ किमी रुंदीचा खळगा आहे, काल्डेरा म्हणतात त्याला, त्याचा बराचसा भाग समुद्राखाली आहे आणि उरलेल्या भागात छोटे छोटे क्रेटर, तळी, गावं, शाळा, रेल्वे स्टेशनं सगळं एकत्र. सुमारे ४० हजार वर्षांपूर्वी एक प्रचंड उद्रेक झाला, मग १५ हजार वर्षांपूर्वी दुसरा मोठा, ज्यातून तो पिवळसर मऊ दगड आला ज्याला टफ म्हणतात आणि ज्यात अर्धं नेपल्स बांधलंय. आपल्याला ज्वालामुखीचा दगड म्हणजे सह्याद्रीचा काळा कडक बेसॉल्ट एवढंच माहीत असतं, इथला दगड बघून आधी विश्वासच बसत नाही.

आणि इथली जमीन हलते, म्हणजे भूकंप होतात ते तर आहेच पण मुख्य म्हणजे वर-खाली होते. खाली गॅस आणि गरम पाण्याचा दाब वाढला की तव्यावरचा फुलका फुगतो तशी जमीन वर येते आणि दाब गेला की बसते. रोमन काळापासून हे चालू आहे. दिवसभर जे जे बघाल त्यात हा एक धागा पकडून ठेवा आणि गाइडलाही आधीच सांगा की आम्हाला सम्राटांच्या नावांची यादी नको, जमिनीची गोष्ट सांगा.

आता गाइड आणि गाडी. पब्लिक ट्रान्सपोर्टने होतं का, हो, मोंतेसांतो स्टेशनवरून कुमाना नावाची लोकल पोत्सुओली, लुक्रीनो करत तोरेगावेतापर्यंत जाते आणि मेट्रो लाइन २ पोत्सुओलीला येते. पण साइट्स एकमेकींपासून लांब, मधल्या बसचा भरवसा नाही, त्यामुळे एका दिवसात सगळं करायचं असेल तर ड्रायव्हरवाली व्हॅन आणि लायसन्स असलेला गाइड हेच बरं. चार-सहा जण असाल तर माणशी खर्च फार वाटत नाही. लायसन्सचं मुद्दाम लिहितोय कारण इटलीत साइटच्या आत गाइडिंग करायला सरकारी परवाना लागतो, नुसता ड्रायव्हर तुम्हाला गेटपर्यंत सोडेल आणि बाहेर कॉफी पीत बसेल.

बुक करताना हे प्रश्न विचाराच. कोणत्या साइटच्या आत जाणार आणि कोणती नुसती गाडीतून दाखवणार, कारण 'पॅनोरॅमिक स्टॉप' लिहिलं असेल तर समजून जा की पाच मिनिटं फोटो आणि चला. तिकिटं किमतीत धरलीत का. पिशिना मिराबिलिस या रोमन पाण्याच्या टाकीचं बुकिंग केलंय का, तिथे आधी ठरवल्याशिवाय गेलात तर बंद दारच बघून याल. आणि सगळ्यात महत्त्वाचं, आयटिनररीत सोल्फातारा या वाफा आणि गंधक सोडणाऱ्या क्रेटरच्या आत फिरणं लिहिलंय का बघा. सोल्फातारा २०१७ च्या सप्टेंबरमधल्या अपघातानंतर बंद करण्यात आलं, एकाच कुटुंबातले तिघे त्यात गेले. त्यामुळे जो अजून 'वॉक इनसाइड द क्रेटर' विकतोय त्याने आपलं पान कित्येक वर्षांत उघडून वाचलेलं नाही, त्याच्याकडे जाऊच नका.

वारसुद्धा बघून ठरवा. आठवड्याची सुट्टी सगळ्या साइट्सची एकाच वारी नसते, बऱ्याच ठिकाणी सोमवार किंवा मंगळवार असतो, बुकिंगच्या आधी प्रत्येकीचं चेक करा. महिन्याचा पहिला रविवार सरकारी म्युझियम आणि साइट्स फुकट असतात, पण मग गर्दी. पोत्सुओलीचं अँफिथिएटर, बायाचे स्नानगृह, बायाचा किल्ला आणि कूमा यांचं एकत्र तिकीट निघतं ते घ्या.

क्रम. बहुतेक टूर पोत्सुओलीपासून सुरू करतात कारण ते नेपल्सला जवळ. मी उलटं सांगतो, सगळ्यात लांबचं आधी, म्हणजे कूमा, मग परत येत येत शेवटी पोत्सुओली. कारण साधं आहे, कूमाला चढ आहे आणि सावली कमी, दुपारी एक वाजता तिथे नकोच. आणि पोत्सुओली संध्याकाळी जिवंत असतं, खायला मिळतं, आणि तिथून लोकलने एकटे परत येऊ शकता म्हणजे व्हॅनचे तासही वाचतात.

कूमा ही ग्रीकांची वस्ती, इसवी सनपूर्व ८ व्या शतकातली, रोमन नंतर आले. खालीच सिबिलची गुहा आहे, टफमध्ये कोरलेला १३० मीटरच्या आसपास लांब बोगदा, वरती निमुळता आणि बाजूने उजेडाच्या खिडक्या, त्यामुळे चालताना उजेड-अंधार-उजेड असं होत राहतं. १९३२ मध्ये आमेदेओ मायुरी या पुरातत्त्वज्ञाने ती शोधली आणि जाहीर केलं की भविष्य सांगणारी सिबिल इथेच बसायची. आता बरेच अभ्यासक म्हणतात की हा सैनिकी संरक्षणाचा बोगदा असावा. गाइड नुसती सिबिलची कथा सांगून पुढे निघाला तर हे विचारा, चांगला गाइड असेल तर त्याला प्रश्न आवडेल. वर अपोलो आणि ज्युपिटरच्या देवळांचे चौथरे आहेत, देऊळ म्हणून फार उरलेलं नाही पण समुद्र दिसतो. सोबत आजी-आजोबा असतील तर त्यांना खालीच सावलीत बसवा, वरचा चढ नाही केला तरी चालतं.

परत येताना आर्को फेलिचे लागते, सम्राट डोमिशियनच्या काळात इसवी सन ९५ मध्ये रस्ता काढायला डोंगर कापला आणि त्या खाचेत ही २० मीटर उंच विटांची कमान उभी केली. पाच मिनिटं पुरे.

मग आवेर्नो तळं. हे सरळसरळ क्रेटर आहे, गोल, आत पाणी. रोमन कवी व्हर्जिलने पाताळाचं दार इथे ठेवलं, पण त्याच्याच काळात रोमन सेनापती अग्रिप्पाने इसवी सनपूर्व ३७ मध्ये शेजारच्या लुक्रीनो तळ्याला आणि समुद्राला जोडून इथे नौदलाचं बंदर करून टाकलं. पाताळ वगैरे ठीक आहे, युद्ध महत्त्वाचं. काठाने सपाट रस्ता आहे, पोरांना पळू द्या. द्राक्षाचे मळे दिसतील, इथल्या राखाड वाळूत फायलॉक्सेरा ही वेलींची कीड नीट टिकत नाही म्हणून कलम न करता स्वतःच्या मुळांवर उभ्या असलेल्या वेली इथे अजून आहेत. फालांगीना नावाची पांढरी वाइन त्यातलीच, घेणाऱ्यांनी दुपारी जेवताना एक ग्लास घ्यावा.

तळ्याच्या शेजारची हिरवी टेकडी म्हणजे मोंते नुओवो. १५३८ च्या सप्टेंबरच्या शेवटी उद्रेक झाला आणि आठवड्याभरात जमिनीतून १३३ मीटरची टेकडी उभी राहिली, त्रिपेर्गोले नावाचं गाव तिच्याखाली गेलं. शिवनेरीवर महाराजांचा जन्म व्हायच्या साधारण ९० वर्षं आधीची ही गोष्ट, म्हणजे डोंगराच्या हिशेबात कालचीच. वर जायला पायवाट आहे, वेळ असेल तर चढा, नाहीतर खालून बघून पुढे चला.

बायाला मात्र घाई करू नका, दिवसातला सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. रोमन श्रीमंतांचं हे मौजमजेचं गाव, गरम पाण्याचे झरे फुकट, त्यामुळे डोंगरउतारावर मजल्यामजल्याने स्नानगृहं. मर्क्युरीचं देऊळ, व्हीनसचं देऊळ, डायनाचं देऊळ अशी नावं ऐकाल, त्यातलं एकही देऊळ नाही, सगळे हमाम. 'मर्क्युरी'च्या घुमटाखाली जा, व्यास सुमारे साडेएकवीस मीटर, काँक्रीटचा, रोमच्या पँथिऑनच्या शंभरहून जास्त वर्षं आधीचा. आत गाळ आणि पाणी भरल्यामुळे आपण मूळ जमिनीच्या बऱ्याच वर उभे असतो आणि आवाज असा घुमतो की पोरं बाहेर यायला तयार होत नाहीत. जवळच छतातून उलटं खाली वाढलेलं अंजिराचं झाड आहे, त्याचा फोटो काढल्याशिवाय कुणी जात नाही.

हे काँक्रीट शक्य झालं ते इथल्याच राखेमुळे, पोत्सुओलाना. चुन्यात मिसळली की पाण्याखालीसुद्धा घट्ट होते, म्हणून रोमनांनी समुद्रात धक्के बांधले. म्हणजे ज्या ज्वालामुखीने बांधायला सिमेंट दिलं त्यानेच नंतर बांधलेलं बुडवलं, कारण बायाचा किनाऱ्याकडचा भाग जमीन बसल्याने समुद्रात गेलाय. क्लॉडियस सम्राटाचं भोजनगृह पाण्याखाली साधारण पाच मीटरवर आहे, डायव्हिंग येत असेल तर स्वर्ग, नसेल तर काचेच्या तळाची बोट किंवा स्नॉर्कलिंग. बोट हवामानावर अवलंबून, समुद्र खवळला की पाणी गढूळ आणि काही दिसत नाही, त्यामुळे बोटीसाठी अख्खा दिवस बांधून घेऊ नका, झाली तर बोनस.

जेवण बाया किंवा बाकोलीत. मासे खाणाऱ्यांची चंगळ आहे, आपल्या मालवणवाल्यांना मसाला कमी वाटेल पण ताजेपणाला नावं ठेवता येणार नाहीत. शाकाहाऱ्यांनी पिझ्झा मारिनारा मागवा, त्यात चीजही नसतं, किंवा वांग्याची पार्मिजाना, पण पार्मेझान चीजमध्ये रेनेट (वासराच्या पोटातलं विरजण) असतं, कडक पाळणाऱ्यांनी लक्षात ठेवा. दुपारी तीननंतर किचन बंद होतात, 'नंतर खाऊ' चालत नाही.

मग पिशिना मिराबिलिस. नाव काही असो, ही पाण्याची टाकी आहे, मिसेनोला रोमन नौदलाचा तळ होता त्याच्यासाठी. ४८ खांब, ७० मीटर लांब, १५ मीटर उंच, पाणी सेरीनोच्या झऱ्यांवरून सुमारे १०० किमी कालव्याने यायचं. आता कोरडी आहे, पायऱ्या उतरून तळाशी जाता येतं. चांगल्या बुटांनीच उतरा, ओल असते. इसवी सन ७९ मध्ये व्हेसुव्हियस फुटला तेव्हा थोरला प्लिनी याच मिसेनोच्या ताफ्याचा प्रमुख होता आणि इथूनच जहाजं घेऊन निघाला, परत आला नाही.

शेवटी पोत्सुओली. अँफिथिएटरचा वरचा भाग पडझडीचा आहे पण खालचे बोगदे बघा, प्राण्यांचे पिंजरे वर चढवायच्या जागा इतक्या नीट उरलेल्या क्वचितच मिळतात. मग चालत 'सेरापिस मंदिर'. हेही देऊळ नाही, बाजार होता, १७५० मध्ये सेरापिस या इजिप्शियन देवाची मूर्ती सापडली म्हणून नाव पडलं. तीन संगमरवरी खांब आहेत आणि त्यांवर बऱ्याच वर समुद्री शिंपल्यांनी पाडलेली भोकं. म्हणजे हे खांब कधीतरी तिथपर्यंत पाण्यात होते आणि पुन्हा वर आले. चार्ल्स लायलने १८३० मध्ये आपल्या भूशास्त्राच्या पुस्तकाच्या सुरुवातीलाच याचं चित्र छापलं. रस्त्यावरूनच रेलिंगपाशी उभं राहून फुकट दिसतं, त्यामुळे उशीर झाला तरी चालतं.

तिथून बंदरावर जा. १९८२ ते ८४ मध्ये जमीन सुमारे १.८ मीटर वर आली, हजारो लोकांना घरं सोडावी लागली, त्याआधी १९७० मध्ये रिओने तेर्रा हा जुना भाग रिकामा केला होता. २००५ पासून पुन्हा चढतेय, छोट्या गोदीत पाणी इतकं कमी झालंय की बोटी चिखलात बसलेल्या दिसतात.

मग जाणं सेफ आहे का, हा प्रश्न घरचे विचारणारच. २०१२ पासून इथे पिवळा अलर्ट आहे, मे २०२४ मध्ये ४.४ आणि मार्च २०२५ मध्ये ४.६ तीव्रतेचे धक्के बसले. पाचेक लाख लोक इथल्या रेड झोनमध्ये, म्हणजे उद्रेकाची चिन्हं दिसली तर रिकामा करायच्या भागात, रोज राहतात, नोकरीला जातात. व्हेसुव्हियस वेधशाळा नियमित बुलेटिन काढते, जायच्या आदल्या दिवशी ते बघा, आणि मोठ्या धक्क्यानंतर साइट्स तपासणीसाठी बंद राहू शकतात म्हणून रिफंडची अट आधीच विचारून ठेवा. गंधकाचा वास येईल, सडक्या अंड्यांचा, दम्याचा त्रास असेल तर इनहेलर खिशात.

एक आपल्या कामाची गोष्ट. रोमन काळात इजिप्तहून येणारा माल पोत्सुओलीच्याच बंदरात उतरायचा, आणि त्यात भारतातून लाल समुद्रामार्गे आलेली मिरी वगैरेही असायची. त्या व्यापाराच्या ग्रीक वर्णनात आपलं सोपारा आणि कल्याण आहे. पॉम्पेईत १९३८ मध्ये सापडलेली हस्तिदंती भारतीय स्त्रीमूर्ती नेपल्सच्या पुरातत्त्व म्युझियममध्ये आहे आणि तिच्याशी मिळत्याजुळत्या मूर्ती तेर आणि भोकरदनला मिळाल्यात. पुढच्या दिवशी म्युझियमला जाणार असाल तर ती 'सिक्रेट कॅबिनेट' नावाच्या दालनात विचारा, आणि मंगळवार सोडून जा, मंगळवारी म्युझियम बंद असतं.