अपील दाखल करताना: अनामत, जामीन आणि कार्यालयाच्या हरकती

गोव्यातल्या न्यायालयात दावा हरलात, सहा लाख भरा असा हुकूमनामा झाला. अपील टाकलं की वसुली थांबते, असं पुष्कळांना वाटतं. थांबत नाही. वसुलीला स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि तिची किल्ली तारणात, म्हणजे पैसे भरून किंवा जामीन देऊन दिलेल्या हमीत असते.

निकाल लागेल त्याच दिवशी निकालाच्या प्रमाणित प्रतीसाठी अर्ज टाका. जिल्हा न्यायालयातल्या अपिलाला ३० दिवस मिळतात, उच्च न्यायालयात ९०. प्रत तयार व्हायला लागलेले दिवस वजा होतात. तयार प्रत न्यायला तुम्हीच आला नाहीत तर ते दिवस तुमच्या माथी. म्हणून प्रतीवरच्या शिक्क्यातल्या तारखा बघूनच मुदत मोजा. अपील जिल्हा न्यायालयात जाणार की पर्वरीला उच्च न्यायालयात, हे वकिलाला आधीच विचारून घ्या.

मग तारण. हुकूमनामा पैशांचा असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १(३) प्रमाणे वादातली रक्कम भरायची, नाहीतर न्यायालय सांगेल ते तारण द्यायचं. तेवढं केलं नाही तर नियम ५ खाली सहसा स्थगिती मिळत नाही. रोख भरणं सर्वांत सोपं, बँक गॅरंटी त्याखालोखाल. जामीनदार उभा करायचा तर गोव्यात खरी अडचण कागदांची. एक-चौदाच्या उताऱ्यावर (जमिनीच्या नोंदीच्या कागदावर) अजून आजोबांचंच नाव, इन्व्हेंटरी (वारसांमधल्या वाटणीची न्यायालयीन प्रक्रिया) झालेली नाही, असा भाऊबंद कितीही भला असला तरी उपयोगाचा नाही. मालमत्ता नवरा-बायकोची सामायिक असेल तर दोघांच्याही सह्या घ्या.

खर्चाचं तारण, म्हणजे विरुद्ध पक्षाच्या खटल्याच्या खर्चाची हमी, ही निराळी गोष्ट. त्याच आदेशाच्या नियम १० खाली न्यायालयाने ते मागितलं आणि तुम्ही दिलं नाही तर अपीलच नाकारलं जातं. धनादेश न वटल्याच्या खटल्यात शिक्षेविरुद्ध अपील केलं, तर दंड किंवा भरपाईच्या किमान २० टक्के रक्कम भरण्याचा आदेश होऊ शकतो. ती भरायला ६० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ३०.

आता हरकती, म्हणजे अपिलाचे कागद तपासून न्यायालयाचं कार्यालय दाखवतं त्या त्रुटी. कोर्ट फी कमी, झेरॉक्स अस्पष्ट, पोर्तुगीज दस्ताचं भाषांतर नाही, ही नेहमीची मंडळी. जास्त त्रास नावांचा: खालच्या न्यायालयात पक्षकार असलेली पत्नी अपिलात गळते, किंवा वारलेल्या माणसाचं नाव तसंच राहतं. हुकूमनामा शेजारी ठेवून एकेक नाव ताडून पाहा. हरकतींची यादी लेखी मागा आणि सगळ्या एकाच फेरीत दूर करा. जमणार नसेल तर दिलेली तारीख उलटण्याआधीच मुदतवाढीचा अर्ज द्या. फी कमी पडली असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४९ खाली ती नंतर भरायची परवानगी मागता येते. अपीलच उशिरा झालं असेल तर विलंब माफीचा अर्ज, प्रतिज्ञापत्रासह, अपिलासोबतच जोडा. ‘आजारी होतो’ एवढ्यावर भागत नाही, वैद्यकीय कागद लावा.

प्रतीला वेळ लागतोय आणि दारात जप्ती येईल अशी भीती असेल, तर अपिलाची मुदत संपण्यापूर्वी ज्या न्यायालयाने निकाल दिला त्याच्याकडेच तात्पुरती स्थगिती मागता येते. तिथेही तारणाची तयारी ठेवूनच जा.